टेलरआत्यांचा खुबा

टेलरआत्या पडल्या त्या काही उंचावरून पडल्या नाहीत. स्टुलावर चढल्या नव्हत्या, जिन्यात नव्हत्या, ओल्या फरशीवरही नव्हत्या. आपल्याच दुकानात, भर दुपारच्या उजेडात, कात्री घ्यायला वळल्या आणि खाली पसरलेल्या अस्तरात पाय अडकला. इतकंच. ज्या कापडावर आयुष्यभर पोट भरलं त्यानेच पाय ओढला, असं त्या पुढे येणाऱ्याजाणाऱ्याला सांगत. त्या वेळी मात्र त्यांना काहीच सुचलं नाही. उजव्या अंगावर आदळल्या, आणि उठायला गेल्या तर उजवा पाय आपला नसल्यासारखा पडून राहिला.

फोन वर कापायच्या टेबलावर होता. हाताला लागत होतं ते फक्त शिलाई मशीनचं खालचं पायटं. आत्यांनी थोडा वेळ विचार केला आणि ते पायटं हातानेच ढकलायला सुरुवात केली.

भिंतीपलीकडे किल्लीवाल्यांचं दुकान. मधली भिंत इतकी पातळ की इकडे कात्री पडली तर तिकडे कळावं. किल्लीवाले अबोल माणूस. दिवसभर किल्ल्या घासायच्या, कुलपं उघडून द्यायची, संध्याकाळी शटर ओढायचं. आत्यांच्या मशीनचा आवाज त्यांच्या इतका अंगवळणी पडला होता की तो कानावर येतोय हेही त्यांना जाणवत नसे. त्या दुपारी जाणवलं. मशीन खाडकन सुरू होई, दोन गिरक्या घेऊन बंद पडे, मग उलटं फिरे. उलटं फिरवलं की दोरा गुंततो आणि आत्या तसं कधी करायच्या नाहीत. हातातली किल्ली तशीच टाकून ते उठले.

आत्या जमिनीवर, चेहरा पांढराफटक. पाऊल बाहेरच्या बाजूला वळलेलं, आणि तो पाय दुसऱ्यापेक्षा आखूड दिसत होता.

"किल्लीवाले," त्या म्हणाल्या, "दारावर पाटी लावा. आज दुकान बंद."

किल्लीवाल्यांनी उचलायला हात पुढे केला तशा आत्या अशा काही कळवळल्या की त्यांनी तो लगेच मागे घेतला. मग शहाणपणाने त्यांनी उचलायचा नादच सोडला, रुग्णवाहिकेला फोन लावला आणि डोक्याखाली द्यायला टेबलावरचं घडी केलेलं कापड ओढलं.

"ते नको, ते गिऱ्हाइकाचं आहे," आत्या डोळे मिटूनच म्हणाल्या. "खालच्या कप्प्यातलं घ्या."

वहिनींना फोन गेला तो किल्लीवाल्यांचाच. वहिनी म्हणजे आत्यांच्या थोरल्या भावाची बायको. भाऊ जाऊन बरीच वर्षं झाली होती. वहिनी दुसऱ्या गावात, बसने अर्ध्या दिवसाच्या अंतरावर, एकट्याच राहायच्या. नोकरीत होत्या तेव्हा बसस्थानकावर चौकशीच्या खिडकीत बसत. कुठली बस कुठून सुटते, कुठली चुकली, चुकली तर आता काय करायचं, हे सगळं त्या एका दमात आणि न चिडता सांगायच्या. निवृत्त होऊन कितीतरी काळ लोटला, तरी कुणी काही विचारलं नाही की त्यांना दिवस आळणी वाटे. त्यांनी किल्लीवाल्यांचं सगळं ऐकून घेतलं, "निघालेच" म्हणाल्या आणि पहिल्या बसने निघाल्याही.

पण बसमध्ये बसल्यावर त्यांच्या डोक्यात जे घोळत राहिलं, ते नुसतं पडण्याच्या बातमीचं नव्हतं.

त्या या घरात लग्न होऊन आल्या त्याच्या काही वर्षं आधी सासरे गेले होते. भाऊ थोरला खरा, पण तो त्या वेळी अजून शिकत होता, आणि घर चालवत होती ती धाकटी बहीण, मशीनवर. त्याचं शिक्षण झालं, नोकरी लागली, लग्न झालं, पुढे मूल झालं. बहिणीचं लग्न मात्र राहून गेलं. 'राहून गेलं' हे दोन शब्द वहिनींनी इतकी वर्षं पदरात निखाऱ्यासारखे सांभाळले होते. आपला संसार या बाईच्या जिवावर उभा राहिला, असं त्यांना वाटे. म्हणून भेटायला येताना हात भरभरून वस्तू आणायच्या, जाताना डोळ्यांत पाणी आणायचं, आणि 'वन्सं, तुम्ही आमच्यासाठी फार केलंत' हे वाक्य निदान एकदा तरी म्हणायचं. आत्या त्यावर "बरं बरं" म्हणायच्या आणि वस्तू कपाटात टाकायच्या. एवढ्या वर्षांत दोघींमधलं 'अहो-जाहो' काही सुटलं नव्हतं. वैर नव्हतं. जवळीकही नव्हती.

इस्पितळात हाडांच्या डॉक्टरीणबाईंनी फोटो दिव्यावर धरून दाखवला. मांडीचं हाड जिथे खुब्यात बसतं तिथे, अगदी मानेशी, तुटलं होतं. वहिनींचा मुलगा परगावी असायचा. तो फोनवर होता. त्याचं म्हणणं, या वयात ऑपरेशन कशाला, आत्याला काही दिवस पडून राहू दे, वजन बांधून हाड जुळतं का बघू.

"पडून राहिल्या तर छातीत कफ साठेल," डॉक्टर म्हणाल्या. "पाठीला जखमा होतील, पायात रक्ताच्या गुठळ्या होतील. हाडाची वाट बघत बसलो तर माणूस हातचं जाईल. ऑपरेशनलाही धोका आहे, तो मी लपवत नाही. पण उद्या केलं तर परवा त्यांना उभं करता येईल."

"परवा?" फोनमधून मुलगा आणि खोलीतून वहिनी एकदमच म्हणाले.

"हो. जितकं लवकर उभं करू तितकं बरं."

एवढा वेळ त्यांच्या डोक्यावरून ही चर्चा चालली होती, आणि ज्यांचा खुबा त्या आत्या छताकडे बघत होत्या. आता त्यांनी मान वळवली.

"नक्की काय करणार?"

"हाडाचा वरचा गोळा तुटलाय. तो काढायचा आणि धातूचा बसवायचा."

"म्हणजे ठिगळ लावायचं नाही. बाहीच नवीन."

डॉक्टरांना हसू आलं. "तसंच समजा."

"मग करा. ठिगळ मला आवडत नाही," आत्या म्हणाल्या, आणि भाच्याला सांगायला वहिनींना खूण केली, की ठरलं, आता फोन ठेव.

ऑपरेशन नीट झालं. कमरेखाली भूल दिली होती, त्यामुळे आत्यांना आतले ठोके ऐकू येत होते. बाहेर आल्यावर त्या म्हणाल्या, "सुतारकाम चाललं होतं." वहिनींचा जीव भांड्यात पडला. पण तो तिथे फार वेळ टिकला नाही.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी आत्यांचं काहीतरी बिनसलं. चादरीची कड बोटांत धरून त्या ती डोळ्यांजवळ नेत होत्या, पुन्हा पुन्हा चाचपत होत्या. "ही शिवण कुणी घातली? उसवा आधी," त्यांनी सिस्टरला फर्मावलं. मग समोरच्या खाटेवरच्या आजीला म्हणाल्या, "तुमचे पडदे शनिवारी मिळतील, आज गर्दी आहे." हातातली सलाईनची नळी त्यांना लोंबता दोरा वाटत होती, ती तोडायला त्या कात्री शोधू लागल्या. वहिनींनी हात धरला तर झटकला. नजर वहिनींवरून अशी फिरली की जणू त्या कुणी अनोळखी बाई.

पाय वाचवायला गेलो आणि डोकं गमावून बसलो, असं वहिनींच्या मनात आलं. सिस्टर मात्र शांत होती.

"ह्या वयात ऑपरेशननंतर पुष्कळांना होतं असं," ती म्हणाली. "दुखणं, औषधं, नवी जागा, झोप नाही. मी डॉक्टरांना कळवते, त्या तपासून जातील. बहुतेकांचं थोड्या दिवसांत निवळतं. त्यांचा चष्मा कुठाय?"

चष्मा वहिनींच्या पिशवीत होता. हरवू नये म्हणून त्यांनी जपून ठेवला होता.

"तो घाला त्यांना. खिडकीचा पडदा उघडा ठेवा, दिवस आहे की रात्र हे कळायला हवं. वाद घालू नका. हळू बोला, ओळखीचं बोला."

हे वहिनींना जमण्यासारखं होतं. चुकलेल्या, बावरलेल्या माणसांशी हळू बोलणं हीच तर त्यांची नोकरी. त्यांनी चष्मा घातला, खुर्ची जवळ ओढली. आत्यांनी त्यांच्याकडे निरखून पाहिलं.

"बसा बाई. माप द्यायला आलात?"

"वन्सं, मी वहिनी."

"माझी वहिनी इथे कुठली? ती लांब असते. चौकशीच्या खिडकीत."

वाद घालायचा नाही, हे वहिनींना आठवलं. "असं होय," त्या म्हणाल्या. मग जरा थांबून त्यांनी विचारलं, "स्वभावाने कशी आहे?" विचारायला नको होतं. पण जन्मभर खिडकीच्या आत बसून उत्तरं दिली. बाहेर उभं राहून प्रश्न विचारायची पाळी आजच आली होती.

"चांगली आहे. बोलते फार." आत्या चादरीची कड चाचपत राहिल्या. "माझ्याकडे आली की अशी बघते, जशी गाडीखाली सापडलेल्या मांजराकडे बघावं."

"का बरं?"

"तिला वाटतं, दादासाठी माझं लग्न राहून गेलं. अहो, राहून कसलं जातंय. दोन ठिकाणी विचारणा झाली होती. माणसं चांगली होती. मीच नको म्हणाले. मला माझं मशीन हवं होतं आणि दाराची किल्ली माझ्या हातात. हे त्या काळी कुणाला सांगायचं? 'भावासाठी' म्हटलं की लोक गप्प बसायचे. दादा जाईपर्यंत तेच समजत राहिला. ही पण तेच समजते."

"मग सांगून टाका की तिला," वहिनी म्हणाल्या.

"छे." आत्यांनी मान हलवली. "वाईट वाटेल हो तिला. एवढी वर्षं माझी कीव केली, ती सगळी फुकट गेली म्हणून."

वहिनी उठून खिडकीशी गेल्या. खाली रुग्णवाहिका वळण घेत होती. त्यांना हसू येत होतं आणि रडूही येत होतं, आणि दोन्हींपैकी काय आधी यायचं यावर त्यांचा ताबा नव्हता. पदरातला तो जुना निखारा त्यांनी चाचपून पाहिला, तर तो कधीच विझलेला होता. खरं तर तो पेटलेलाच नव्हता.

डॉक्टर येऊन तपासून गेल्या, औषधं बदलली. त्यानंतर आत्या हळूहळू ताळ्यावर आल्या. एका सकाळी त्यांनी डोळे उघडले, वहिनींना ओळखलं आणि म्हणाल्या, "तुम्ही कधीपासून बसलात इथे? काही खाल्लंत का?" बोललेलं त्यांना काही आठवत नव्हतं. वहिनींनीही विषय काढला नाही.

उभं करायचं या गोंधळात लांबलं होतं. ते काम फिजिओचं. हा माणूस दारातून वाकून आत येईल एवढा उंच, आणि आवाज मात्र पिंजलेल्या कापसासारखा मऊ. त्याने वॉकर पुढे ठेवला. "आधी वॉकर, मग दुखरा पाय, मग चांगला पाय," तो म्हणाला. आत्या उठल्या. घाम फुटला, ओठ दाताखाली गेला. क्षणभर उभ्या राहिल्या आणि बसल्या.

"झालं," फिजिओ म्हणाला. "आजचं काम संपलं."

"एवढंच?"

"उद्या जास्त."

खरंच उद्या जास्त झालं आणि परवा त्याहून जास्त. खाटेपासून दारापर्यंत, दारापासून न्हाणीघरापर्यंत. बसायचं ते उंच खुर्चीवरच, खाली वाकायचं नाही, पायावर पाय टाकायचा नाही, असे नियम सांगून आत्यांना घरी सोडलं.

घर म्हणजे दुकानाच्या मागच्या दोन खोल्या आणि स्वयंपाकघर. इथे वहिनींनी सगळी सूत्रं हाती घेतली. चहा खाटेवर. सूप खाटेवर. उकडलेलं अंडं सोलून, मीठ लावून, खाटेवर. आत्यांनी चष्म्याकडे नुसतं बघितलं तरी वहिनींनी तो उचलून हातात द्यावा. आपण फार चांगली सेवा करतोय, असं त्यांना वाटत होतं, आणि आत्याही तक्रार करत नव्हत्या. नवल म्हणजे आत्या कशाचीच तक्रार करेनाशा झाल्या. दुकानाकडे जाणारं मधलं दार बंद होतं आणि ते उघडा असं त्या एकदाही म्हणाल्या नाहीत. "उद्या बघू," म्हणायच्या. "आज पाय जड वाटतोय."

फिजिओ घरी तपासायला आला. त्याने आत्यांना चालवलं, मांडीला हात लावून पाहिला आणि त्याच्या कपाळाला आठ्या पडल्या. जाताना त्याने वहिनींना बाहेर बोलावलं.

"इस्पितळातून निघाल्या तेव्हा याहून बऱ्या चालत होत्या. दिवसभर काय करतात?"

वहिनींनी उत्साहाने सगळं सांगितलं. सूप, अंडी, चहा, गरम पाण्याची पिशवी.

"हे सगळं तुम्ही नेऊन देता?"

"मग कोण देणार?"

"त्यांनी उठून घ्यायला हवं," तो आपल्या मऊ आवाजात म्हणाला. "खायला भरपूर द्या, ते उत्तम करताय. पण हातात देऊ नका. न वापरलेला पाय फार लवकर विसरतो. तुमच्या मायेने त्या पुन्हा पडतील."

वहिनींना हे फार लागलं. दुपारभर त्या धुसफुसत राहिल्या. सेवा करावी तर हे ऐकावं लागतं. पण चुकीची बस सांगितली तर ती सुटायच्या आत बरोबर सांगावी, ही सवय जुनी होती. संध्याकाळपर्यंत त्यांनी मनाशी ठरवलं.

दुसऱ्या दिवशी आत्यांनी नेहमीसारखी हाक मारली. "वहिनी, जरा पाणी."

वहिनी बाहेरच्या खोलीत खुर्चीवर बसल्या होत्या. उठू नये म्हणून त्यांनी आपले हात मांड्यांखाली दाबून धरले. आणि मग त्यांच्या तोंडून जो आवाज आला तो थेट चौकशीच्या खिडकीतला होता.

"पाणी स्वयंपाकघरात. सरळ जायचं, डाव्या हाताला."

मग वॉकरचा आवाज. ठक, आणि पाऊल, आणि पाऊल. आत्या कुठे थांबल्या, कुठे श्वास घेतला, हे वहिनी डोळे मिटून ऐकत होत्या. भांडं वाजलं. पाणी ओतल्याचा आवाज झाला. मग परतीचा प्रवास, आणि खाटेचं करकरणं.

दिवे लागल्यावर आत्यांना राहवेना.

"मी तुमची कोण लागते?" त्यांनी विचारलं. "म्हातारी, पाय तुटलेली बाई पाणी मागते आणि तुम्ही पत्ता सांगता. जरा कीव येत नाही?"

"नाही येत," वहिनी म्हणाल्या. "कीव करायचं मी सोडलंय. ती फुकट गेली असं तुम्हीच म्हणालात."

"मी? कधी?"

आता लपवण्यात अर्थ नव्हता. वहिनींनी सांगितलं. इस्पितळातली ती संध्याकाळ, दोन ठिकाणची विचारणा, मशीन, दाराची किल्ली, गाडीखालचं मांजर. काही वगळलं नाही. आत्यांचा चेहरा आधी लाल झाला, मग त्यांनी तो भिंतीकडे फिरवला.

"आणखी काय बरळले?"

"चादरीची शिवण उसवायला सांगितलीत."

"ती वाकडीच होती. ती मला आठवते."

मग भिंतीकडे बघतच आत्यांनी विचारलं, "वाईट वाटलं तुम्हाला?"

"वाटलं तर," वहिनी म्हणाल्या. "वर्षानुवर्षं तुमच्यासाठी किती रडले मी. ह्यांच्याशी भांडलेसुद्धा, की बहिणीकडे लक्ष द्या म्हणून. आणि तुम्ही इकडे मजेत."

"मजेत म्हणजे," आत्या म्हणाल्या, "कामाच्या दिवसांत पाठ मोडायची. पण हो. मजेत."

हसायला आधी सुरुवात कुणी केली ते सांगता येणार नाही. आत्यांना हसताना खुबा दुखला, म्हणून त्या "अहो पुरे, टाके उसवतील" म्हणत राहिल्या. टाके केव्हाच निघाले होते.

त्या बोलण्याने एक झालं, दुसरी गोष्ट बोलायला वाट मोकळी झाली. दुकानात का जात नाही, हे आत्यांनी दोन-तीन दिवसांनी आपणहून सांगितलं. त्यांना भीती वाटत होती. पाय दुखतो हे निमित्त. खरी भीती त्या चार फरशांची, जिथे त्या पडल्या होत्या. झोप लागता लागता त्यांना पाय ओढला जातोय असं वाटे आणि त्या दचकून जाग्या होत. "एवढी मोठी बाई मी, आणि फरशीला भिते," त्या म्हणाल्या.

"कोण नाही भीत?" वहिनी म्हणाल्या. "मी तर बसच्या पायरीलाही भिते. कुणाला सांगत नाही एवढंच."

वहिनी आणि किल्लीवाले मिळून दुकान आवरायला लागले. खाली पसरलेली कापडं, चिंध्या, अस्तरं सगळी फळीवर गेली. आत्यांचं बुटकं स्टूल माळ्यावर गेलं आणि त्याजागी हातांची उंच खुर्ची आली. न्हाणीघरात किल्लीवाल्यांनी भिंतीत लोखंडी दांडा ठोकून दिला आणि स्वतः त्याला लोंबकळून तो पक्का आहे हे दाखवलं. ते वहिनींना बघवलं नाही. जुन्या सपाता वहिनींनी फेकल्या, मागे पट्टा असलेल्या आणल्या. आत्यांना त्या दिसायला आवडल्या नाहीत, पण घातल्या.

मग एका सकाळी आत्यांनी मधलं दार स्वतः उघडलं. उंबरठ्याशी बराच वेळ उभ्या राहिल्या. वहिनी मागे होत्या. हात पुढे करावा असं त्यांना दहादा वाटलं आणि दहादा त्यांनी तो आवरला. आत्यांनी वॉकर पुढे टाकला, दुखरा पाय टाकला, चांगला पाय टाकला. त्या फरशांवर पोचल्या तेव्हा थांबून खाली पाहिलं.

"केर नीट निघालेला नाही इथला," त्या म्हणाल्या, आणि पुढे जाऊन टेबलाला टेकल्या.

सगळं पूर्वीसारखं मात्र झालं नाही, तसं सांगितलं तर ते खोटं ठरेल. उजवा पाय पायट्यावर फार वेळ चालेना. तासाभरात मांडी भरून येई. कोट, झगे, शाळेचे गणवेश ही मोठी कामं सुटली. आत्या आता पँट आखूड करून देतात, चेन बदलतात, पडद्यांना कड घालतात. वॉकर गेला, काठी आली, आणि काठी राहिली. चालताना किंचित लंगडतात. डोळे तपासल्यावर मोतीबिंदू निघाला. तोही काढून झाला, आणि तेव्हा कळलं की गेली काही वर्षं आत्या सुईत दोरा निव्वळ सवयीने ओवत होत्या. "मग पडाल नाही तर काय," डोळ्यांच्या डॉक्टर म्हणाल्या.

खुब्याच्या तपासणीला गेल्या तेव्हा आणखी एक भानगड निघाली. डॉक्टरीणबाईंनी फोटो पाहिला, आत्यांना चालवून पाहिलं, खूश झाल्या. मग म्हणाल्या, "आता दुसरा खुबा जपायचा. हाडं ठिसूळ आहेत, औषध बंद करायचं नाही." आणि सहज वहिनींकडे वळल्या. "आजी, तुमची हाडं कधी तपासलीत?"

"मला काय झालंय?" वहिनी म्हणाल्या.

तपासल्यावर कळलं की वहिनींची हाडं आत्यांच्या हाडांपेक्षा फार बरी नव्हती. घरी परतताना वहिनी टॅक्सीत अहवाल पुन्हा पुन्हा उघडून बघत होत्या, आणि आत्यांच्या चेहऱ्यावर, वाईट वाटतंय असं दाखवायचा प्रयत्न असूनही, एक प्रकारचं तेज आलं होतं.

त्या दिवसापासून घरातलं राज्य पालटलं. वहिनींनी गोळी घेतली का, हे आत्या विचारू लागल्या. वहिनी अनवाणी दिसल्या की काठी सपातांकडे वळे. स्वयंपाकघरातल्या स्टुलावर चढून डबा काढताना वहिनी एकदा सापडल्या, तेव्हा आत्यांनी त्यांना असं काही झापलं की वहिनी निमूट उतरल्या.

हिवाळा तोंडावर आला तशी वहिनींनी बॅग भरायला घेतली. मुलाला कळवून झालं होतं. आत्या दारात काठीवर हात ठेवून उभ्या राहिल्या.

"तुमच्याकडे जिना आहे ना?"

"आहे. दोन मजले."

"न्हाणीघरात दांडा?"

"नाही."

"मग कशाला जाता?" आत्या म्हणाल्या, आणि उत्तराची वाट न बघता दुकानात निघून गेल्या.

वहिनी बॅगेजवळ बसून राहिल्या. 'राहा' असं या बाईने आजवर कुणालाही म्हटलं नव्हतं, आणि आताही म्हटलं नव्हतंच. त्यांनी बॅगेतला वरचा स्वेटर काढून पाहिला, परत ठेवला, मग पुन्हा काढला. दुपारपर्यंत बॅग रिकामी झाली. गावी जाऊन घराची कुलपं बघून यायचं, भाडेकरू ठेवायचा, ते सगळं पुढे रीतसर झालंच.

आता रोज सकाळी दुकान उघडण्याआधी दोघी कापायच्या टेबलापाशी उभ्या राहतात. टेबलाची कड दोन्ही हातांनी धरायची, एक पाय उचलायचा, आणि तोल सांभाळत दुसऱ्यावर उभं राहायचं. फिजिओने शिकवलेला व्यायाम. आत्या तो गंभीरपणे करतात. वहिनी मधेच बोलायला लागतात आणि डुगडुगतात. एके दिवशी किल्लीवाले आखूड करायची पँट घेऊन आत शिरले, तर या दोघी एकेका पायावर उभ्या. ते अवघडून दारातच थांबले.

"नंतर येऊ?"

"थांबा दोन मिनिटं," आत्या मान न वळवता म्हणाल्या. "वहिनींचा डावा पाय व्हायचाय अजून."